शिकारीची केस कोर्टात टिकवायची कशी: जंगलातल्या पहिल्या दिवसापासून निकालापर्यंत

अभयारण्यात शिकार होते, आरोपी सापडतात, पेपरात जप्तीच्या मालासोबत सगळ्यांचा फोटो येतो आणि चार-सहा वर्षांनी तेच लोक पुराव्याअभावी सुटतात. विदर्भात राहणाऱ्या कोणालाही यात नवीन काही नाही. मग आपण कायद्याच्या नावाने, कोर्टाच्या नावाने बोटं मोडतो. पण अशा सुटलेल्या केसची फाइल उघडून शांतपणे वाचली की बहुतेक वेळा गडबड पहिल्या एक-दोन दिवसांतच झालेली दिसते, तीही जंगलात, पंचनामा लिहिताना, नमुना घेताना, सही घेताना. कायदा कडक आहे हो, कागद कच्चे असतात.

म्हणून हे सगळं एका जागी लिहितोय. नवीन लागलेले वनरक्षक, वनपाल, मानद वन्यजीव रक्षक, गावातले निसर्गप्रेमी, आणि वन्यजीव केस पहिल्यांदा हातात आलेले तरुण वकील, या सगळ्यांना उपयोग व्हावा ही इच्छा. नियम आणि अधिसूचना बदलत राहतात, त्यामुळे कलम लावायच्या आधी ताजा मजकूर बघून घ्याच.

आधी जागा कुठली ते ठरवा

सगळ्यात दुर्लक्षित गोष्ट हीच आहे. वन्यजीव संरक्षण कायदा १९७२ चं कलम ९ शिकारीला बंदी घालतं, आणि शिकार म्हणजे फक्त मारणं नाही, कलम २(१६) मध्ये फास लावणं, सापळा लावणं, विष घालणं, हाकारून आणणं, आमिष ठेवणं आणि या सगळ्याचा प्रयत्न करणंही आलं. म्हणजे प्राणी मेला नसला तरी गुन्हा पूर्ण होतो. ‘फक्त तार सापडली, जनावर नाही, मग काय गुन्हा दाखल करायचा’ असं म्हणून तार गुंडाळून नाक्यावर आणून टाकतात, ते थांबलं पाहिजे.

शिक्षा मात्र जागेवर आणि प्राण्यावर ठरते. याच कायद्याचं कलम ५१ बघा (पुढेही कायद्याचं नाव न घेता कलम लिहिलंय ते याच कायद्याचं). साधारण गुन्ह्याला ३ वर्षांपर्यंत कैद किंवा १ लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. पण प्राणी अनुसूची १ मधला, म्हणजे सगळ्यात जास्त संरक्षण असलेल्या यादीतला असेल (वाघ, बिबट, काळवीट, खवले मांजर, घोरपड सगळे त्यात) किंवा शिकार अभयारण्यात नाहीतर राष्ट्रीय उद्यानात झाली असेल तर किमान ३ वर्षं, जास्तीत जास्त ७ वर्षं, आणि दंड किमान २५ हजार. व्याघ्र प्रकल्पासाठी वेगळी तरतूद आहे, तिथेही कैद ३ ते ७ वर्षं आणि दंड आणखी मोठा. हे दंडाचे आकडे २०२२ च्या दुरुस्तीने वाढलेत, आणि ती दुरुस्ती १ एप्रिल २०२३ पासून लागू आहे, त्यामुळे त्याआधीच्या तारखेच्या गुन्ह्याला जुने आकडे लागतील.

आता विचार करा, रानडुक्कर अनुसूची २ मध्ये आहे. तेच रानडुक्कर हद्दीच्या बाहेर मारलं तर नुसता दंड होऊनही आरोपी जाऊ शकतो, आणि हद्दीच्या ५० मीटर आत मारलं तर कमीत कमी ३ वर्षं. एवढा फरक ज्या एका मुद्द्यावर अवलंबून आहे तो सिद्ध करायला फाइलमध्ये काय असतं, तर ‘अभयारण्यात’ एवढा एक शब्द. बचावाचा वकील विचारतो, अभयारण्य आहे हे कशावरून, आणि साक्षीदार गप्प. म्हणून पहिल्याच आठवड्यात तीन कागद फाइलला लावा: राजपत्रातल्या अधिसूचनेची प्रमाणित प्रत, कक्ष क्रमांक दाखवणारा अधिकृत नकाशा, आणि घटनास्थळाचं जीपीएस त्या नकाशावर टाकून सर्वेअरने सही केलेला स्केच. राखीव वनात असेल तर भारतीय वन अधिनियम १९२७ चं कलम २६ पण जोडा, आणि हत्यार घेऊन अभयारण्यात शिरल्याबद्दल वन्यजीव कायद्याचं कलम ३१ आहेच, ते बऱ्याचदा लावायचंच राहतं.

घटनास्थळी पोचल्यावर

पहिली गोष्ट, गर्दी मागे सरकवा. वाघ मेलाय म्हटल्यावर अर्धं गाव येतं, आणि जे ठसे आरोपीच्या चपलेचे होते त्यावर शंभर पावलं पडतात. दोरी बांधा, आत जायचा-यायचा एकच रस्ता ठेवा, आत कोण गेलं त्याची नोंद वहीत वेळेसकट लिहा. श्वान पथक बोलवायचं असेल तर ते येईपर्यंत कोणीही वस्तूंना हात लावायचा नाही.

करंटची शिकार असेल (विदर्भात हे फार वाढलंय, ११ केव्हीच्या लाइनवर आकडा टाकतात आणि खुंट्यांवर तार ओढत पाणवठ्याच्या वाटेवर नेतात) तर आधी महावितरणला फोन करून लाइन बंद करून घ्या, बंद झाल्याचं त्यांच्याकडून पक्कं कळल्याशिवाय एक पाऊल पुढे नको. आपल्या लोकांचा जीव आधी. मग त्या उपकेंद्रातून फीडर (त्या भागाची वीजवाहिनी) ट्रिप, म्हणजे आपोआप बंद, झाल्याची नोंद मागवा. जनावर तारेला चिकटलं की बऱ्याचदा लाइन ट्रिप होते, आणि ऑपरेटरच्या लॉगबुकमध्ये ती वेळ मिनिटासकट लिहिलेली असते. आरोपीचं मोबाइल लोकेशन त्याच वेळेला तिथे असेल तर हा पुरावा किती वजनदार होतो बघा, शिवाय तो कुठल्याही पंचाच्या तोंडावर अवलंबून नाही. विद्युत निरीक्षकाचा अहवाल घ्या, आणि वीजचोरीसाठी विद्युत अधिनियम २००३ च्या कलम १३५ खाली महावितरणला स्वतंत्र तक्रार द्यायला सांगा.

‘साहेब, तार डुकरासाठी लावली होती, वाघ चुकून आला’ हे उत्तर ठरलेलं असतं. त्याला घाबरू नका. डुकरासाठी तार लावणं हीच शिकार आहे, आणि पिकाचं नुकसान करणाऱ्या जनावराला मारायला वन्यजीव कायद्याच्या कलम ११ खाली लेखी परवानगी लागते, ती त्याच्याकडे होती का एवढंच विचारा. स्वसंरक्षणाचा बचाव पण जो माणूस त्या वेळी दुसरा गुन्हा करत होता त्याला मिळत नाही, हे त्याच कलमात लिहिलंय.

पंचनामा, जिथे निम्मी केस ठरते

पंचनामा ऑफिसात बसून संध्याकाळी लिहायचा नाही. जागेवर, उजेडात, पंचांच्या समोर. एक फास मिळाला असं धरा. ‘एक तारेचा फास जप्त केला’ हे वाक्य कोर्टात काहीच सिद्ध करत नाही, असे फास हजार मिळतात. असं लिहा: तार कसली (क्लच वायर, जीआय म्हणजे जस्ताचा मुलामा दिलेली लोखंडी, की केबलची), किती पदरी, लांबी सेंटिमीटरमध्ये किती, जाडी किती, गाठ सरकती की पक्की, एक टोक कुठल्या झाडाला बांधलं होतं, ते झाड कशाचं, बुंध्याचा घेर किती, जमिनीपासून फासाची उंची किती, झाडाच्या सालीवर तार घासल्याची खूण आहे का, तारेवर केस, रक्त किंवा कातडीचा तुकडा चिकटलाय का, तारेचं टोक कशाने कापलंय. शेवटचा मुद्दा महत्त्वाचा, कारण आरोपीच्या घरी त्याच तारेचं बंडल मिळालं आणि कापलेली टोकं जुळली तर फॉरेन्सिकवाले तसं सांगू शकतात. ते टोक आपण सोडवताना पक्कडने कापलं तर ही जोडच संपली, म्हणून गाठ न सोडवता, आरोपीने कापलेलं टोक न दुखवता, दुसऱ्या बाजूने कापा आणि आपण कुठे कापलं तिथे टॅग लावा, पंचनाम्यात तेही लिहा.

फोटो तीन प्रकारचे: लांबून परिसर, मधून वस्तू आणि आजूबाजूचं, जवळून स्केल ठेवून. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत (१ जुलै २०२४ पासून) झडती आणि जप्तीचं व्हिडिओ रेकॉर्डिंग सांगितलंय, तर मोबाइलवर का होईना सलग करा, मधे बंद-चालू नको. आणि कृपा करून मूळ फाइल जपा. व्हॉट्सॅपवर फिरवलेला फोटो कोर्टात नेला की त्याची मूळ तारीख, वेळ, लोकेशन सगळं गेलेलं असतं.

पंच कोण घ्यायचे? रोजंदारी मजूर, खात्याचाच ड्रायव्हर, त्याच गावातला आरोपीचा भाऊबंद, हे तिन्ही टाळा. पहिले दोन ‘खात्याची माणसं’ म्हणून उडतात, तिसरा फितूर होतो. महसूल, कृषी, शिक्षण अशा दुसऱ्या खात्याचे कर्मचारी पंच म्हणून मिळाले तर सगळ्यात बरं, त्यासाठी रेंज ऑफिसने (वनपरिक्षेत्र कार्यालयाने) तहसीलदारांशी आधीच बोलून ठेवलेलं असावं, ऐनवेळी रात्री ११ वाजता कोण येणार. पंचांना मजकूर वाचून दाखवा, त्यांना समजणाऱ्या भाषेत. मेळघाटात कोरकू आणि गडचिरोलीत माडिया-गोंडी बोलणाऱ्या माणसाची मराठी पंचनाम्यावर सही घेतली आणि कोर्टात त्याने ‘मला वाचता येत नाही, सही कर म्हणाले म्हणून केली’ सांगितलं तर चूक त्याची नाही.

मुद्देमालाला लाखेचं सील, सीलचा नमुना वेगळ्या कागदावर, लेबलवर पीओआरचा (वनखात्याच्या प्राथमिक गुन्हा अहवालाचा) नंबर, तारीख, पंचांच्या सह्या. माल कुठून कुठे गेला, कोणी नेला, कोणी घेतला, प्रत्येक टप्प्याची सही. ही साखळी एका ठिकाणी तुटली तरी बचाव पक्षाला तेवढं पुरतं.

नमुने आणि पोस्टमॉर्टेम

चूल पेटलेली, पातेल्यात मटण, आणि आरोपी म्हणतो बोकडाचं आहे. इथे डीएनएशिवाय गती नाही. शिजलेल्या मांसातूनही बऱ्याचदा प्रजाती ओळखता येते, त्यामुळे पातेलं सांडून देऊ नका. डीएनएसाठीचा तुकडा लहान घ्या, स्वच्छ हातमोज्याने, प्रत्येक नमुन्याला नवीन ब्लेड, आणि तो शुद्ध अल्कोहोलमध्ये ठेवा. फॉर्मॅलिनमध्ये नको, त्याने डीएनए खराब होतो. फॉर्मॅलिन हे ऊतींच्या तपासणीसाठी, म्हणजे करंटने भाजल्याची जागा दाखवायची असेल तर तो कातडीचा तुकडा वेगळ्या बाटलीत फॉर्मॅलिनमध्ये. विषाचा संशय असेल तर पोटातला ऐवज, यकृत, मूत्रपिंड मिठाच्या संपृक्त द्रावणात, आणि मारलेल्या गाईच्या धडावर विष टाकलं असेल तर त्या मांसाचा नमुना पण. रक्त लागलेली पानं, माती आधी सावलीत वाळवा आणि कागदी पाकिटात भरा, प्लास्टिकमध्ये ओलसर राहून बुरशी येते.

नमुने डेहराडूनची भारतीय वन्यजीव संस्था, हैदराबादची सीसीएमबी ही संशोधन संस्था किंवा राज्याची न्यायसहायक प्रयोगशाळा इथे जातात. सोबतच्या पत्रात प्रश्न नीट विचारा. ‘तपासून अहवाल द्यावा’ लिहिलं तर ‘नमुना मांसाचा आहे’ असंही उत्तर येऊ शकतं. हे कुठल्या प्रजातीचं आहे, चुलीवरचा तुकडा आणि जंगलातलं मुंडकं एकाच जनावराचं आहे का, असं थेट विचारा. वाघाचं कातडं असेल तर दोन्ही बाजूंचे सरळ पसरून फोटो काढा, पट्टे प्रत्येक वाघाचे वेगळे असतात आणि कॅमेरा ट्रॅपच्या फोटोंशी ते जुळले की वाघ कुठल्या जंगलातला हे कळतं.

वाघाचा मृत्यू असेल तर एनटीसीएच्या (राष्ट्रीय व्याघ्र संवर्धन प्राधिकरणाच्या) पद्धतीप्रमाणेच सगळं करायचं: उलट सिद्ध होईपर्यंत तो शिकारच समजायचा, पोस्टमॉर्टेमला त्यांचा प्रतिनिधी हजर पाहिजे, व्हिडिओ पाहिजे, आणि मग सगळ्यांसमोर दहन. घाई करायची नाही. १९९८ च्या जोधपूरच्या गाजलेल्या काळवीट केसमध्ये पहिल्या पोस्टमॉर्टेममध्ये गोळी लागल्याचा निष्कर्षच नव्हता, नंतर डॉक्टरांचं बोर्ड बसवून दुसरं करावं लागलं, आणि त्या दोन अहवालांतल्या तफावतीवर बचाव पक्ष वर्षानुवर्षं बोलत राहिला. दोषी ठरवल्याचा निकाल आला एप्रिल २०१८ मध्ये.

अटक, वनकोठडी, जबाब

कलम ५० खाली कुठलाही वन अधिकारी झडती, जप्ती, अटक करू शकतो, पोलिसांत पीएसआय किंवा वरचा. शिक्षा ७ वर्षांपर्यंतची असल्यामुळे अटक का गरजेची होती हे कारण कागदावर लिहा, आणि अटकेची कारणं आरोपीला लेखी, त्याला कळणाऱ्या भाषेत द्या, नातेवाइकांना कळवा, मेडिकल करा, २४ तासांच्या आत मॅजिस्ट्रेटसमोर हजर करा. यातलं एक जरी राहिलं तर चांगली केस असून पहिल्याच दिवशी जामीन. मारहाण तर अजिबात नको. माणूस म्हणूनही नको, आणि केस म्हणूनही नको, कारण अंगावरचा एक वळ सगळ्या फाइलवर पाणी फिरवतो.

मुद्देमाल कोर्टाला दाखवायचाही विसर पडतो. जप्त केलेल्या वस्तू पण ताबडतोब मॅजिस्ट्रेटसमोर न्यायच्या असतात, तसं कलम ५०(४) मध्ये स्पष्ट आहे.

वनकोठडी मागताना नेमकं काय शोधायचंय ते लिहा: बंदूक कुठे लपवली, कातडं कोणाला विकलं, तिसरा साथीदार कोण. जामिनाच्या बाबतीत कलम ५१(अ) चा खूप गैरसमज आहे. आरोपी दोषी नसावा असं कोर्टाला पटल्याशिवाय जामीन नाही, ही त्यातली कडक अट लागते ती आधी याच कायद्याखाली शिक्षा झालेल्या आरोपीला. तर मग आरोपीची आधीची शिक्षा शोधा, त्या निकालाची प्रमाणित प्रत आणा, आणि जामिनाच्या सुनावणीला सरकारी वकिलांच्या हातात द्या. मध्य प्रदेशातून येणाऱ्या सराईत टोळ्यांच्या बाबतीत तिथल्या वन विभागाला एक फोन केला तरी बरंच कळतं.

कबुलीजबाबावर मात्र केस उभी करू नका. शासनाने अधिकार दिलेला एसीएफ (सहायक वनसंरक्षक) किंवा वरचा अधिकारी कलम ५०(८) खाली साक्ष-पुरावा नोंदवू शकतो, आणि तो आरोपीच्या समक्ष नोंदवला असेल तर कोर्टात चालतो. रेंज ऑफिसात कोणीतरी लिहून घेतलेला कागद वेगळा आणि हा वेगळा. सुप्रीम कोर्टाने २०१० मध्ये कुख्यात वन्यजीव तस्कर संसारचंदची शिक्षा कायम करताना सहआरोपीने दिलेल्या कबुलीला महत्त्व दिलं होतं हे खरं, पण तिथे रेल्वेत प्रत्यक्ष कातडं पकडलेलं होतं. कबुलीतून वस्तू मिळाली पाहिजे. आरोपीने दाखवलेल्या जागेवरून पंचांसमोर बंदूक निघाली तर ती बंदूक बोलते, मग तो नंतर कबुली फिरवू दे.

भरमार बंदूक असेल तर शस्त्र कायदा १९५९, गावठी बॉम्ब असतील तर स्फोटक पदार्थ कायदा १९०८, यासाठी पोलिसांत एफआयआर वेगळा करावा लागतो.

मोबाइल मिळाला की उघडून बघायचा मोह आवरा. फ्लाइट मोड, बंद पाकीट, सील, आणि सायबर लॅब. कॉल डिटेल्स पोलिस अधीक्षकांच्या मार्फत मागवा, आणि लवकर मागवा, कंपन्या रेकॉर्ड कायम ठेवत नाहीत. मेळघाटच्या टीमने वाघशिकारीच्या केसेसमध्ये मोबाइल रेकॉर्डवरून टोळ्यांचे धागे जोडून दाखवले, ते सगळ्या रेंजला जमण्यासारखं आहे. इलेक्ट्रॉनिक पुराव्याला भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र लागतं, त्यात आता हॅश व्हॅल्यू (फाइलमध्ये फेरफार झाला नाही हे पडताळायचा डिजिटल आकडा) पण द्यावी लागते. हा कागद नसला तर ज्या कॅमेरा ट्रॅपच्या फोटोत आरोपी बंदुकीसकट दिसतोय तो फोटोही वाचला जाणार नाही.

कोर्टात तक्रार दाखल करताना

इथे पोलिसांसारखं चार्जशीट नसतं. वन्यजीव कायद्याच्या कलम ५५ प्रमाणे अधिकार दिलेल्या अधिकाऱ्याची लेखी तक्रार लागते, त्याशिवाय कोर्ट दखलच घेऊ शकत नाही. तक्रारीला सही करणाऱ्या अधिकाऱ्याला तो अधिकार देणारी अधिसूचना सोबत जोडा. आरोपी कोठडीत असेल तर ६० दिवसांचं गणित डोक्यात ठेवा, तेवढ्यात तक्रार गेली नाही तर तो आपोआप जामिनावर सुटण्याचा हक्क मागतो. लॅबचा अहवाल आला नाही म्हणून थांबू नका, अहवाल नंतर सादर करू असं लिहून दाखल करा. नव्या संहितेत दखल घ्यायच्या आधी आरोपीचं म्हणणं ऐकायचं आहे, तो वेळही धरा.

यापुढचं बऱ्याच वन कर्मचाऱ्यांना माहीतच नसतं. तक्रारीवरच्या अशा खटल्यात दोषारोप ठेवायच्या आधी एकदा साक्षीपुरावा होतो, आणि दोषारोपानंतर साक्षीदारांना परत उलटतपासणीसाठी बोलावता येतं. म्हणजे वनरक्षकाला दोनदा पिंजऱ्यात उभं राहावं लागतं, मधे काही वर्षं, बदली झालेली. म्हणून प्रत्येक साक्षीदाराच्या हातात त्याच्या पंचनाम्याची, जबाबाची झेरॉक्स पाहिजे आणि साक्षीच्या आदल्या दिवशी सरकारी वकिलांसोबत एक तास बसणं पाहिजे. रेंज ऑफिसात एक माणूस फक्त कोर्टाच्या तारखा सांभाळायला ठेवा, समन्स निवृत्त कर्मचाऱ्याच्या घरी पोचवण्यापासून.

प्रथमवर्ग मॅजिस्ट्रेट ३ वर्षांपर्यंतच शिक्षा देऊ शकतात, त्यापेक्षा जास्त हवी असेल तर प्रकरण मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांकडे पाठवायची विनंती सरकारी वकिलांनी वेळेत करायला हवी. ताब्याबद्दल कलम ५७ विसरू नका: कातडं, नखं, मांस आरोपीच्या ताब्यात होतं एवढं सिद्ध केलं की ते बेकायदा नव्हतं हे दाखवायची जबाबदारी त्याची. किमान शिक्षेचे गुन्हे कलम ५४ खाली पैसे भरून मिटवता येत नाहीत, वरून कितीही फोन येवोत. गाडी मात्र कोर्ट सुपुर्दनाम्यावर (खटला संपेपर्यंत सांभाळायच्या हमीवर) सोडू शकतं, २००८ चा सुप्रीम कोर्टाचा निकाल आहे, तर सुटायच्या आधी डिकीतलं रक्त, केस, चेसिस नंबर, सगळ्याचे नमुने आणि फोटो झालेले असू द्या.

तुम्ही वनखात्यात नसाल तर

महाराष्ट्रात १९२६ वर फोन करा, वेळ, जागा, गाडीचा नंबर सांगा, स्वतः आत शिरू नका, आरोपीचा फोटो सोशल मीडियावर टाकू नका, टोळी सावध होते आणि ओळख परेडही बिघडते. काहीच हालचाल झाली नाही तर कलम ५५ मध्ये सामान्य माणसालाही दार आहे: सरकारला किंवा अधिकृत अधिकाऱ्याला ६० दिवसांची रीतसर नोटीस द्या आणि त्यानंतर स्वतः कोर्टात तक्रार करा. नोटिशीत तारीख, जागा, प्राणी, तुम्ही काय पाहिलं एवढं मोजकं लिहा, आणि पोचपावती जपून ठेवा.

आणि आरोपी सुटलाच तर त्याच दिवशी निकालाच्या प्रमाणित प्रतीसाठी अर्ज टाका. तक्रारीवरच्या खटल्यात निर्दोष सुटकेविरुद्ध हायकोर्टाची विशेष परवानगी लागते, तक्रारदार सरकारी अधिकारी असेल तर त्याला ६ महिने मिळतात, खासगी माणसाला ६० दिवस. निकाल वाचताना कोर्टाने नेमका कुठला दुवा तुटला म्हटलंय तो परिच्छेद वेगळा काढा आणि रेंजच्या पुढच्या मीटिंगला सगळ्यांना वाचून दाखवा. अपील संपेपर्यंत मुद्देमाल नष्ट करायची परवानगी कोणीही, कुठल्याही कारणाने देऊ नये, कातडं आणि फास सीलसकट तसेच राहू द्या.